मूळ पान

माझं काम सांगायला लागले की लोक जांभया देतात, म्हणून थोडक्यात सांगते. अँटिव्हायरसच्या पोटात छोट्या छोट्या लायब्ररी फाइली असतात, एकेक ठरलेलं काम करणाऱ्या. त्यातली एक मी लिहिलेली. तुम्ही एखादी वेबसाइट उघडलीत की अँटिव्हायरस माझ्या फाइलीला विचारतो, "बाई, ही खरी की सोंग घेऊन आलेली?" मग ती ते पान मूळ पानाशी ताडून बघते. सोंग असेल तर लाल पाटी येते: हे पान नकली आहे. खाली मूळ पानाचा पत्ता. ऑफिसात तिला सगळे 'सासूबाई' म्हणतात, कारण तिच्या नजरेतून काही सुटत नाही.

मूळ कुठलं, हे ठरवायचं काम मात्र माझ्या नवऱ्याचं. तो त्याच ऑफिसात, काचेपलीकडे बसतो. फाइल माझी, शब्द त्याचा. मला या जोडीचा भारी अभिमान होता.

आईलाही मी पढवून ठेवलं होतं. "फसवणारे हल्ली आवाजसुद्धा हुबेहूब काढतात. माझा आवाज आला तरी, शंका आली की बोलत बसायचं नाही. फोन ठेवून द्यायचा."

"हो गं बाई, किती वेळा सांगशील!" आई म्हणायची.

त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मी आमच्या घरच्या फोटोंची साइट उघडली. लग्नानंतर नवऱ्याने हौसेने बनवलेली. लाल पाटी आली.

हे पान नकली आहे.

मला हसूच फुटलं. म्हटलं, सासूबाईंचं डोकं फिरलं! चूक कुठे झालीय ते बघावं म्हणून मी मूळ पानाचा पत्ता उघडला.

तेच घर. तोच पडदा, मी उलटा शिवलेला. फोटोंखाली नवऱ्याच्याच ओळी: 'शहाणी आज पुन्हा उशिरा उठली.' शहाणी म्हणजे मी. आणि फोटोतही मीच होते, हनुवटीवरच्या खुणेसकट. फक्त अंगात तो हिरवा ड्रेस होता, जो मी दुकानात परत ठेवला होता. तुला शोभत नाही, असं नवराच म्हणाला होता.

पुढचा फोटो समुद्रावरचा. मी तापाने फणफणले होते आणि तो 'ऑफिसच्या कामाला' गेला होता, तेव्हाचा. त्याच्या खांद्यावर डोकं टेकून मी हसत होते. मी! घरात कण्हत पडलेली मी!

दुसरी कुणी असती तर तिच्या झिंज्या तरी उपटल्या असत्या. इथे कुणाच्या उपटायच्या?

मी काचेपलीकडे गेले.

"ते पान मूळ म्हणून तू नोंदवलंस?"

त्याने स्क्रीनवरून नजर काढली नाही. "दोन्ही सारखीच होती. तुझी फाइल सारखी विचारत होती, खरं कुठलं. एक निवडावंच लागतं."

"ती कोण आहे?"

"असं काय विचारतेस? तूच की." त्याने चहाचा घोट घेतला. "पण ती हसते गं."

ज्याच्या शब्दावर डोळे मिटून भरवसा ठेवला, त्यानेच मला नकली ठरवलं होतं. तेही चहा पीत.

त्याच्या स्क्रीनवर तेच पान होतं. त्यात एक नवा फोटो उमटत होता. आईचं स्वयंपाकघर. ओट्यावर मटारच्या शेंगा.

मी धावत जिना उतरले. नवरा गेला तर गेला खड्ड्यात. आई नाही देणार मी.

भर उन्हात रस्त्यावर उभी राहून मी फोन लावला.

"आई, मी बोलतेय."

"मी कोण?"

"अगं, मी! चिमणी!" हे नाव आईशिवाय कुणाला ठाऊक नाही.

मागे शेंगा सोलल्याचा आवाज येत होता.

"चिमणी तर माझ्यासमोर बसलीय," आई म्हणाली.

"आई, ती मी नाही. माझं ऐक, आधी तिथून बाहेर पड!"

आई माझ्याशी बोललीच नाही. तोंड बाजूला करून ती तिला म्हणाली, "आलाच बघ गं, तू म्हणायचीस तसला फोन. अगदी हुबेहूब तुझा आवाज!"

शेंगांचा आवाज थांबला. मग पलीकडून माझाच आवाज आला. शांत, समजुतीचा.

"बोलत बसू नकोस, आई. ठेवून दे."

आणि आईने ठेवला. मी शिकवलं होतं, अगदी तसा.