ताईनं मोडलेला संसार

"मला राग आणू नकोस ना… मग मी कशाला मारेन?"

ताईचे पाय दारातच खिळले! भावाच्या घरी ती सहज डोकावायला आली होती. समोर जमिनीवर तिची चिमुरडी भाची, एका जागी म्हणून ठरत नाही म्हणून सगळे जिला भिंगरी म्हणायचे ती, एका उशीला आपला फ्रॉक घालून घर-घर खेळत होती. तिनं त्या उशीला सणसणीत चपराक लगावली, लगेच तिला पोटाशी धरलं, हळुवार फुंकर घातली आणि मोठ्या माणसासारखा आवाज काढून म्हणाली, "बघ, तूच मला राग आणलास."

ताईच्या काळजात चर्र झालं. हे वाक्य तिच्या ओळखीचं होतं… शब्दन् शब्द ओळखीचं! हे तिच्या बाबांचं वाक्य होतं. बाबा तुरुंगात शिपाई होते. दिवसभर साहेबाच्या शिव्या खायच्या, कैद्यांवर काठी चालवायची, आणि संध्याकाळी तोच हात घेऊन घरी यायचं. वड्याचं तेल वांग्यावर निघायचं, आणि ती वांगी म्हणजे आई होती, ताई होती, हा धाकटा भाऊ होता. पण या पोरीनं तर आजोबांना कधी पाहिलंसुद्धा नव्हतं! मग ते वाक्य इथवर आलं कुणाच्या तोंडून?

ताई स्वयंपाकघरात गेली. भावजय ओट्याकडे तोंड करून भांडी विसळत होती. एवढ्या उकाड्यात तिनं लांब बाह्यांचा ब्लाउज घातला होता.

"इकडे बघ," ताई म्हणाली.

"काही नाही हो ताई, कपाटाचं दार लागलं…"

"मी विचारलं तरी का, काय लागलं ते?"

भावजयीच्या हातातली वाटी निसटली आणि ती ताईच्या खांद्यावर डोकं ठेवून ओक्साबोक्शी रडू लागली. "ते वाईट नाहीत हो! कारखान्यात मालक चारचौघांत पाणउतारा करतो… तिथं बोलता येत नाही त्यांना… मग घरी…"

वाईट नाहीत! ताईहून हे अधिक कुणाला ठाऊक होतं? आई गेली तेव्हा हा धाकटा तिच्या कमरेला चिकटून झोपायचा. त्याला वाढवायचं म्हणून तिनं आलेली स्थळं परत धाडली, रुग्णालयाच्या धुलाईघरात कढत वाफेत चादरी पिळून त्याला वेल्डिंगचं काम शिकवलं, त्याचं लग्न लावलं. तिच्या आयुष्यात माया करायला दुसरं होतंच काय! शेजारी म्हणायचे, काय सालस पोरगा, मान वर करून बघत नाही. गोगलगाय आणि पोटात पाय… हे तिला आज कळत होतं.

तेवढ्यात धाकटा कामावरून आला. ताईला पाहून त्याचा चेहरा उजळला, पण बायकोचे रडवेले डोळे दिसताच तो तिथंच थबकला.

"काय सांगितलंस तू हिला?" तो बायकोवर ओरडला.

"तिनं नाही, तुझ्या लेकीनं सांगितलं," ताई म्हणाली. "बाळा, तू बाबांसारखा बोलतोस रे!"

"त्यांचं नाव काढू नकोस! मी त्यांच्यासारखा नाही!" असं म्हणत त्यानं बायकोच्या दिशेनं हात उगारला… ताई मध्ये आली. तडाखा तिच्या खांद्यावर बसला आणि ती भिंतीवर आदळली.

मग ताई सावरून उभी राहिली, भिंगरीला कडेवर घेतलं, भावजयीचा हात धरला. "चल पोरी."

"ताई, ही माझी माणसं आहेत!"

"म्हणूनच नेतेय."

तो जिन्यापर्यंत धावत आला. ज्या तोंडात तिनं घास भरवले होते, त्याच तोंडानं सगळ्या चाळीला ऐकू जाईल असा ओरडला, "तुझा स्वतःचा संसार झाला नाही ना, म्हणून दुसऱ्याचा बघवत नाही तुला! आजपासून मला बहीण मेली!"

ते शब्द ताईच्या हृदयात खोलवर रुतले. पुढे भावजयीनं वेगळं राहण्यासाठी अर्ज केला, तेव्हा न्यायाधीशासमोर उभं राहून, आपल्याच भावानं काय केलं ते तिनं आपल्याच तोंडानं सांगितलं. तो समोर मान खाली घालून उभा होता, आणि एकेक शब्द उच्चारताना तिला वाटत होतं, आपण आपल्याच हातानं आपलं लेकरू दूर लोटतोय! नातेवाइकांनी तिच्या नावानं बोटं मोडली. मामा तर तोंडावर म्हणाले, "नणंदेनं भावजयीला छळल्याचं ऐकलं होतं, पण भावाचं घर फोडणारी बहीण पहिल्यांदाच पाहिली." भावजय तिच्याबरोबर धुलाईघरात लागली. तिघी एका खोलीत राहू लागल्या, आणि भिंगरी पुन्हा खोलीभर गरागरा फिरू लागली. पण वाढताना ताईचा हात अजूनही एक ताट जास्त घ्यायचा… आणि मग मुकाट्यानं ते परत ठेवायचा.

काही वर्षं अशीच गेली. एका थंडीत ताईला वाफेतून गारठ्यात जाऊन-येऊन न्यूमोनिया झाला. आता बाबांना कोण भरवणार? लकवा झालेले बाबा कधीपासून निराधारांच्या इस्पितळात होते आणि ताई रोज दुपारी त्यांना जेवू घालायची. धाकट्यानं मात्र मोठा होऊन बाबांचं घर सोडल्यापासून त्यांचं तोंड पाहिलं नव्हतं. ताई येईना म्हणून तिथल्या नर्सनं नाइलाजानं त्याला निरोप धाडला.

तिथं काय घडलं, ते ताईला त्या नर्सकडूनच कळलं. तो गेला तो दात-ओठ खातच गेला. मनात वर्षानुवर्षं घोटलेलं सगळं ऐकवायचं ठरवून तो खाटेजवळ वाकला… आणि त्याला पाहताच त्या जर्जर म्हाताऱ्यानं चांगला हात डोक्यावर धरून अंगाचं मुटकुळं केलं! "नका ना आबा… मी नाही केलं… कोंडू नका आबा…"

आबा म्हणजे बाबांचे वडील. म्हणजे त्या खाटेवर तुरुंगाचा शिपाई नव्हताच, मार चुकवू पाहणारं एक पोर होतं!

"ते सगळ्याच पुरुषांना घाबरतात," नर्स त्याला म्हणाली. "फक्त तुमच्या ताईच्या हातून खातात. आणि कधीकधी तिचा डावा कान कुरवाळत रडत बसतात… म्हणतात, पोराला मारायला गेलो, ती आडवी आली, पोरीचा कान मी फोडला."

ताईला डाव्या कानानं ऐकू येत नाही, हे धाकट्याला ठाऊक होतं. पण तो मार आठवावा एवढा तो तेव्हा मोठा नव्हता; तापात कान गेला, असंच तिनं त्याला आजवर सांगितलं होतं.

दुसऱ्याच दिवशी तो ताईच्या दाराशी आला. भावजयीनं दार उघडलं. भिंगरी आईच्या मागं लपली. त्यानं उंबरा ओलांडला नाही, हात जोडून तो बायकोला म्हणाला, "मी तुझा अपराधी आहे."

"हो," ती म्हणाली. तिची नजर ढळली नाही. "पण मी परत येणार नाही."

ताईला वाटलं, आता हा भडकणार… पण तो नुसतीच मान हलवून बाहेर पायरीवर बसला. ताई अंथरुणातून कशीबशी उठून त्याच्याजवळ गेली. तिला पाहताच तो लहान मुलासारखा हुंदके देऊ लागला. "ताई, का नाही गं सांगितलंस मला? कानाचं का लपवलंस?"

"तू मोठा झाल्यावर सांगितलं असतं, तर तू बाबांना जिवंत सोडलं नसतंस. हातात तेवढं बळ आलं होतं तुझ्या." ताईनं त्याचं डोकं आपल्या छातीशी धरलं. "कुठंतरी थांबायला हवं होतं रे ते! मला वाटलं, माझ्यापाशी थांबेल… नाही थांबलं!"

कितीतरी वेळ बहीण-भाऊ नुसतेच रडत राहिले.

"आता मी काय करू?" त्यानं विचारलं.

"बाबांकडे जात जा."

"ते मला घाबरतात गं."

"मग दारात बस. रोज जाऊन बस."

तो बसू लागला. दुपारी इस्पितळाच्या दारात, रविवारी ताईच्या पायरीवर. बाबांची भीती मात्र शेवटपर्यंत गेली नाही. ते गेले तेव्हा ताईनं त्यांचं डोकं मांडीवर घेतलं होतं, आणि धाकटा लांबूनच, भिंतीला टेकून, मूकपणे रडत होता. बापाला एक घास भरवायचं त्याच्या नशिबी नव्हतं!

त्यानंतरच्या रविवारी तो पुन्हा पायरीवर येऊन बसला. ताई खिडकीत चादरीच्या घड्या घालत होती. भिंगरी दाराशी आली आणि बराच वेळ चौकट धरून उभी राहिली.

"तुम्ही आता ओरडणार?" तिनं विचारलं.

"नाही."

"कधीच?"

तिच्या आईला त्यानं किती वचनं दिली होती आणि किती मोडली होती! ताई घडी तशीच हातात धरून ऐकत राहिली.

"आज नाही," तो हलकेच म्हणाला. "उद्याचं… उद्या येऊन सांगेन."

भिंगरीनं विचार केला. मग फ्रॉक सावरून, मध्ये भरपूर अंतर ठेवून, ती त्याच पायरीच्या दुसऱ्या टोकाला टेकली.

"बरं," ती म्हणाली. "मग आज बसते."