नजर उजवीकडे

जुन्या रेडिओंच्या शौकिनांवरची माझी फिल्म: अकरा मिनिटं. गच्च्यांवरून उड्या मारणारी टोळी: नऊ. भिंती रंगवून पळून जाणारे: साडेबारा, त्यांतला एकही चेहरा दाखवता आला नाही.

मुलाखत देणारा कॅमेऱ्याकडे बघत नाही, विचारणाऱ्याकडे बघतो. मी कॅमेऱ्याच्या डावीकडे बसते. पंधरा वर्षं डावीकडेच.

माझे प्रश्न मी एडिटिंगमध्ये कापून टाकते.

मी एकटी राहते. कामाला बाईसुद्धा नाही.

*

टायरच्या दुकानावरची खोली. दर रविवारी दुपारी इथे सात-आठ जण किल्लीशिवाय कुलपं उघडायला जमतात. चोर नव्हेत, छांदिष्ट. एक दातांची डॉक्टर, एक टायपिंगचे निवृत्त सर. तेलाचा वास, वाकवलेल्या तारा, मधूनच एक 'खट्'. नियम एकच: वापरातल्या कुलपाला हात लावायचा नाही.

कॅमेरा नेहमीप्रमाणे दादाकडे.

घरी येऊन फुटेज लावलं. सगळेच्या सगळे उजवीकडे बघून बोलत होते. उजवीकडे नुसती भिंत होती.

दादाला फोन केला. "तू उजवीकडे जाऊन त्यांना काही विचारत होतास?"

"मी कॅमेऱ्याला डोळा लावून होतो, ठमाबाई. चष्म्याचा नंबर तपासून घे."

मग सरांची मुलाखत नीट ऐकली. मी विचारलं होतं, पहिलं कुलूप कुठलं उघडलंत? सर म्हणाले होते, शाळेतल्या कपाटाचं. मला पक्कं आठवतंय.

पडद्यावरचे सर उजवीकडे बघून म्हणाले, "तिच्या दाराचं? साधं आहे हो ते. दीड मिनिट."

आईच्या डायऱ्या माझ्या कपाटात आहेत. दादाला त्या मी कधीच वाचू दिल्या नाहीत. त्याच्याशिवाय माझ्या दाराचं कुणाला काय पडलंय?

दुसऱ्या दिवशी त्याला तोंडावर विचारलं.

"म्हणजे मी माझ्या बहिणीचं घर फोडणार," तो म्हणाला. ट्रायपॉडचे तिन्ही पाय त्याने सावकाश मिटले. "शाब्बास. पुढचं तुझं तू शूट कर."

मी नवं कुलूप बसवून घेतलं. कुणाला सांगितलं नाही.

*

रविवारी एकटीच गेले. कॅमेरा लावला, डावीकडे बसले, तोच प्रश्न विचारला. सर माझ्याकडेच बघत होते. मी त्यांच्या डोळ्यांवरून नजर हलवली नाही.

घरी आले. दार लावलं. फुटेज लावलं.

उजवीकडे.

सर पाच सेकंद ऐकत राहिले. मान डोलावली.

"बदललं? बदलू द्या की." ते हसले. "तुम्हाला काय फरक पडतो? तुम्ही तर आतच असता."

मी दादाला फोन लावला.

त्याने कट केला.

पुन्हा लावला.

तेव्हा मला हे माहीत नव्हतं: शूटिंग सुरू होण्याच्या महिनाभर आधी, मी परगावी असताना, दादा डायऱ्या मागायला माझ्या घरी येऊन गेला होता. दार उघडणाऱ्या बाईने त्याला पाणी दिलं होतं.