दुधातल्या मरळी

मेहकरच्या बाजारात एक शेळी आडवी आली आणि तिथूनच सगळं सुरू झालं.

थंडीचे दिवस होते. कोवळं ऊन नुकतंच रस्त्यावर उतरलं होतं. निशिगंधा आपलं घमेलं पुढ्यात घेऊन बसली होती. घमेल्यात पाणी आणि पाण्यात धरणावरून पहाटे आणलेल्या जिवंत मरळी. मरळ म्हणजे पांढऱ्या मांसाची, कमी काट्यांची मासोळी. तिचं गिऱ्हाईक ठरलेलं. त्या सकाळीही एका गुरुजींनी बोट दाखवून "ही दे" म्हटलं होतं आणि निशिगंधाने पाण्यात हात घातला होता. तेवढ्यात शेळी आडवी आली. तिला वाचवायला एका मोटारसायकलवाल्याने करकचून ब्रेक मारला, गाडीला बांधलेली दुधाची कॅन कलली, झाकण उडालं, आणि दुधाची धार थेट घमेल्यात.

मरळींना काही वाटलं नाही. त्या दुधात आरामात फिरत राहिल्या. गुरुजी मात्र दोन पावलं मागे सरकले.

"नको बा. दूध आन् मासोळी एका ठिकाणी? अंगावर पांढरे डाग पडतात," असं म्हणत त्यांनी काढता पाय घेतला.

गाडीवरचा तरुण खाली उतरला. उंच, सावळा, स्वेटरची बाही कोपराशी उसवलेली. तोंड इतकं ओशाळलेलं, की भांडायच्या तयारीत असलेल्या निशिगंधाला आधी हसूच फुटायला लागलं. तिने ते गिळलं. धंद्याच्या वेळी हसून चालत नाही.

"पाणी बदलून देतो ना... धुतल्या की झालं," तो म्हणाला.

"मासोळी धुता येते. बजारानं पाह्यलं ते कसं धुता?"

"मग काय करू?"

"घ्या साऱ्या."

त्याने निमूटपणे फोनवरून पैसे टाकले. तिच्या फोनवर नाव उमटलं: गोपाल. धंदा दुधाचा आणि नाव गोपाल! आता मात्र तिला हसू आवरेना. तो सकाळपासून विकून उरलेल्या दोन्ही मरळी पिशवीत घेऊन तिथेच उभा राहिला.

"आता काऊन थांबले?"

"ह्या नेऊ कुठी? घरी नेल्या त आई मलेच बाहेर झोपवीन. दुधाचं घर हाये आमचं. रोज रात्री ताटात दूध असते. मासोळी उंबऱ्याच्या आत येत नाही."

"म्हणजे कधी खाल्लीच नाही?"

"नाही ना..."

हे त्याने इतक्या खऱ्या दुःखाने सांगितलं, की निशिगंधाला त्याची कीव आली. कीव होती की आणखी काही, याचा तिने तेव्हा विचार केला नाही.

"संध्याकाळी आमच्या घरी या. बाबा असतात. शिजवून देते. पन आज दिवसभर दूध, चहा काही घ्यायचं नाही."

"चहाबी नाही?"

"डाग पडले त मले नाव ठेवू नका."

संध्याकाळी तो आला तेव्हा त्याचं डोकं ठणकत होतं. दूधवाल्याला घरोघरी चहा विचारतात, आणि तो दिवसभर सगळ्यांना नाही म्हणत हिंडला होता. हातात पालकाची भलीमोठी जुडी होती.

"वावरातला हाये. दूध आणता येत नव्हतं. रिकाम्या हातानं कसा येऊ?"

निशिगंधाचे वडील ज्ञानेश्वर ओसरीत जाळं शिवत बसले होते. आई गेल्यापासून घरात ही दोघंच. त्यांनी पाहुण्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं, "बसा" म्हटलं आणि पुन्हा सुतात डोकं घातलं. गोपाल मात्र बसला नाही. परसातल्या चुलीपाशी जाऊन उभा राहिला.

"मसाला वाटायचा मले कंटाळा हाये, आधीच सांगते," निशिगंधा म्हणाली. "दिवसभर बजारात बसल्यावर पाट्यावर कोण बसन? हे सोपं जेवण हाये."

आणि ते खरंच सोपं होतं. उसळीसाठी उकडून ठेवलेली बरबटी, म्हणजे आपली चवळी, घरात होतीच. पातेल्यात तेल, तेलात ठेचलेला लसूण आणि दोन हिरव्या मिरच्या. वर बरबटी. तिच्यावर गोपालचा चिरलेला पालक, जो बघता बघता मूठभर झाला. त्यावर मीठ-हळद लावलेले मरळीचे पांढरे तुकडे नुसते ठेवायचे आणि झाकण घालायचं.

"हलवायचं नाही?"

"नाही. मासोळी फुटते."

"किती वेळ?"

"माह्या भाकरी होतपर्यंत."

ती भाकरी थापायला बसली. गोपालने झाकणाकडे हात नेला. तिने डोळे वटारले. त्याने हात मागे घेतला. लसणाचा वास परसभर सुटला तसा हात पुन्हा पुढे आला, आणि या खेपेला तिने पिठाच्या हाताने त्याचं मनगटच धरलं.

"वाफ जाते ना..."

"जाऊ दे की," तो हळूच म्हणाला.

मनगट सोडायचं राहून गेलं. ओसरीत ज्ञानेश्वर खोकले, तेव्हा कुठे तिच्या लक्षात आलं. तव्यावरची भाकरी त्या दिवशी जरा करपली.

जेवायला बसल्यावर गोपालने तुकडा उचलला आणि काट्याला भिऊन तसाच धरून ठेवला. निशिगंधाने त्याचं ताट आपल्याकडे ओढलं, मधला काटा अलगद काढला, लिंबू पिळलं आणि ताट परत सरकवलं. पहिल्या घासानंतर तो खाली मान घालून खातच राहिला. दुसरी भाकरी मागितली. मग तिसरी. निशिगंधा आपलं जेवण विसरून त्याच्याकडे बघत राहिली.

मग काय, दूध घालून झालं की त्याची गाडी बाजारात थांबायला लागली. कॅनची झाकणं आता दोरीने घट्ट बांधलेली असत. कधी तो मेथी आणायचा, कधी चवळाई. कधी काहीच न आणता शेजारच्या भाजीवाल्याशी उगाच भावावरून वाद घालत उभा राहायचा. नजर भाजीवर नसायची, हे भाजीवाल्यालाही कळत होतं. संध्याकाळी ज्ञानेश्वर स्वतःच विचारायचे, "तो चहा सोडलेला येऊन राह्यला का आज?"

एका सकाळी तो गंभीर चेहऱ्याने आला. "घरी सांगतो म्हणतो."

"काय सांगता?" तिने घमेल्यात बघत विचारलं.

"मासोळी खातो, हे. आन्... दुसरं."

"मासोळीचं आधी सांगा. दुसरं मागून."

"दोन्ही एकदमच सांगतो. बोलणी एकदाच बसतील."

पण बोलणी बसलीच नाहीत. त्याची आई आशाबाई गप्प झाली. भाऊबंद मात्र येऊन येऊन बोलले. दुधाच्या घरात मासोळीवाल्याची पोरगी आली तर दुधाला वास येईल म्हणे. जातीचं कोणी तोंडाने बोललं नाही. सगळे वासावरच बोलत होते. आई जेवायला वाढायची, शर्टाचं बटण लावून द्यायची, पण बोलायची नाही. गोपाल वाळला. इकडे निशिगंधा गिऱ्हाइकांवर उगाच खेकसायला लागली. आशाबाई नाही म्हणाल्या तर गोपाल आईचं मन मोडणार नाही, हे तिला ठाऊक होतं. मोडणारा असता तर तिला आवडलाही नसता. म्हणूनच जीव टांगणीला लागला होता.

आणि एक दिवस निरोप आला.

"उद्या आई येऊन राह्यली तुमच्या घरी. मले सोबत नको म्हणते," गोपाल म्हणाला. "एक ध्यानात ठेवा. आईनं चहा घेतला त समजा जमलं. माह्या मामेभावासाठी पोरगी पाहाले गेली होती, तिथं चहाले नाही म्हणाली... ते लग्न झालंच नाही."

दुसऱ्या दिवशी निशिगंधाने घर सारवलं, उदबत्ती लावली, चहासाठी घट्ट दूध आणलं. मासोळी आज करायचीच नाही, असं ठरवलं. आणि दुपार कलल्यावर तिचं तिलाच वाईट वाटलं. ज्या मासोळीवर घर चाललं ती एका बाईपासून लपवायची? आज लपवली तर जन्मभर लपवावी लागेल. तिने उदबत्ती विझवली. चुलीवर पातेलं चढवलं: बरबटी, पालक, वर मरळ.

आशाबाई आल्या. ठेंगण्या, ताठ, नऊवारीतल्या. ज्ञानेश्वरांनी धुतलेला सदरा घातला होता आणि ते उगाच जाळ्याचं सूत ओढत बसले होते. आशाबाईंनी घर पाहिलं, जाळं पाहिलं, निशिगंधाला जवळ बसवून तिचे हात पाहिले. शिक्षण विचारलं, आईचं विचारलं. एकदा नाक वर करून वास घेतला. 

"चहा ठेवू का?" निशिगंधाने घाईने विचारलं.

"नको," आशाबाई म्हणाल्या.

झालं. निशिगंधाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. ते दिसू नये म्हणून ती उठली.

"चुलीवर काय हाये?" मागून आवाज आला.

"मरळ... बरबटी आन् पालक," ती पाठमोरीच म्हणाली.

"पालक आमच्या वावरातला?"

"हाव."

"मग वाढ ना. चहा पोटात घातल्यावर मासोळी कशी खाऊ, पोरी? दूध असते त्याच्यात."

निशिगंधा वळून बघतच राहिली. आशाबाई पदर खोचून पाटावर बसल्यासुद्धा होत्या. ताट पुढे आलं तसा त्यांनी सराईतपणे मधला काटा काढून बाजूला ठेवला.

"माहेर माहं नदीकाठचं," पहिला घास खाऊन त्या म्हणाल्या. "दुधाच्या घरी आले आन् मासोळी सुटली. आन् हा गोप्या एवढे दिवस एकटाच खाऊन राह्यला. आईले एक तुकडा आणला नाही. बोलू त काय बोलू त्याच्याशी?"

"पन... दुधाच्या वासाचं म्हणतात लोक," ज्ञानेश्वर अखेर म्हणाले.

"मासोळीची चूल परसात राहीन, दुधाची घरात. भाऊबंद काय बोलतात ते मी पाह्यते. जा, बोलाव त्याले. फाटकापाशी असन."

तो फाटकापाशी नव्हता. फाटकासमोरच्याच टपरीवर रिकामा ग्लास हातात घेऊन उभा होता. चेहरा पार उतरलेला.

"फाटकापाशीच होतो, ऐकलं मी. नको म्हणाली ना?"

"अर्धंच ऐकलं. जेवून राह्यल्या त्या. मासोळी. चला, तुमचंबी ताट वाढते."

गोपालने तिच्याकडे बघितलं, मग हातातल्या ग्लासकडे. "मी तर... आताच चहा प्यालो."

निशिगंधा हसली ती हसतच सुटली. तिला फाटक धरून उभं राहावं लागलं. "मग आज भाकर आन् ठेचा खा."

"खातो," तो म्हणाला. ग्लास टपरीवर ठेवून जवळ आला. "निशिगंधा... मी आईले सांगितलं, भाऊबंदाले सांगितलं. तुमालेच कधी सांगितलं नाही."

"काय?"

"जीव हाये माहा तुमच्यावर. लय."

हे तिला केव्हाचं ठाऊक होतं. तरी त्याच्या तोंडून ऐकताना तिला फार आनंद झाला.

"माहाबी हाये," ती म्हणाली. "आन् आता मले तुमी म्हणू नको."

घरातून आशाबाईंची हाक आली. "पोरी, अजून एखादा तुकडा उरला काय?"

"उरला ना, आई," निशिगंधा म्हणाली, आणि त्याचा हात धरून आत गेली.