यमुनाबाईंचा पेला

कार्डिफच्या फिल्म संग्रहालयात मालविका दुपारपासून खुर्चीच्या टोकावर बसून होती. समोर कॉम्प्युटरवर शंभर वर्षांपूर्वीचा अमेरिकन मूकपट चालला होता. धूळ, घोडे, पिस्तुलं आणि तहानेने ओठ फुटलेला एक स्वार. माळावरच्या एकुलत्या एक लाकडी घरापाशी तो येतो, दार ठोठावतो आणि तिथेच फिल्म संपते. पुढचा तुकडा कधीच कुजून गेला होता. शनिवारी जाहीर खेळ होता आणि शेवट सापडल्याचं या बाईने सगळ्यांना आधीच सांगून टाकलं होतं! उतावळा नवरा, गुडघ्याला बाशिंग. आता शेवट मिळाला नाही तर नाचक्की ठरलेली.

तिची आई यमुनाबाई मिल्टन कीन्सहून राहायला आल्या होत्या. लेक जेवली नसेल म्हणून त्या डबा घेऊन इथवर आल्या, शेजारी बसल्या आणि त्या स्वाराला पाहून कळवळल्या.

"अगं, दारात आलेल्याला आधी पाणी विचारावं."

"आई, फिल्म आहे ती! तो माणूस केव्हाच मेलाय."

"मेला असेल. तहान गेलीय का त्याची?"

त्यांनी आपला स्टीलचा पेला भरून स्क्रीनपुढे ठेवला. लग्नातला पेला, नाव कोरलेला. मालविकाला हसू आलं. तिने फिल्म पुन्हा लावली.

स्वाराने दार ठोठावलं. फिल्म संपली नाही.

मालविका ताडकन उठली. दार किलकिलं झालं! आतून एक हात पेला घेऊन बाहेर आला आणि स्वार घटाघटा प्यायला.

"आई, धिस इज द एंडिंग! सापडला!" आनंदाने तिला रडूच फुटलं.

तिने चित्र थांबवून मोठं केलं. पेल्यावर अक्षरं होती. सौ. यमुना.

टेबलावरचा पेला रिकामा होता. तळाशी चिमूटभर वाळू. स्क्रीनवर करडी दिसणारी ती वाळू इथे लाल होती.

"प्यायला ना? बरं झालं," यमुनाबाई म्हणाल्या.

पण मालविकाला शेवट तर पाहायलाच हवा होता. तिने बटण दाबलं.

स्वाराने तोंड पुसलं. टोपी काढली. उंबरठा ओलांडून तो आत गेला. दार मिटलं.

मूकपटच तो. तरी कडी लागल्याचा आवाज दोघींनी ऐकला, आपल्या पाठीमागे.

मालविका वळली नाही. यमुनाबाई वळल्या.

"बसा हं," त्या म्हणाल्या, "आता जेवूनच जा."

आणि त्यांनी डब्याच्या झाकणात तिसरं पान वाढायला घेतलं.