श्वासाचा वाटा

मी हॉस्पिटलात फुफ्फुसांच्या चाचण्या घेते. छोटी खोली, एक स्टूल, एक मशीन. पेशंटच्या नाकाला चिमटा लावायचा, तोंडात नळी द्यायची आणि शेजारी उभं राहून ओरडायचं, "फुंका, अजून, अजून, अजून!" किती हवा आत गेली, किती बाहेर आली, त्याची रेघ पडद्यावर उमटते. त्यात कुणाच्या मनाचं काही चालत नाही, म्हणून मला हे काम आवडतं.

माझा दादा गाडी चालवायला शिकवतो. दिवसभर शेजारच्या सीटवरून अखंड बडबड. "गाडीला दोन ब्रेक लावलेत, तोंडाला एकही नाही," असं वहिनी म्हणायची. वहिनीला फुफ्फुसांचाच आजार होता. गेल्या वर्षी ती गेली आणि दादा मुकाच झाला. पुढे काही महिन्यांनी बोलायला लागला, पण निराळंच. वाक्याच्या मध्येच थांबायचा. शब्द सुचत नाही म्हणून नव्हे. दारात कुणाला आधी जाऊ द्यावं, तसा थांबायचा.

"तब्येत बरी आहे ना रे?" मी विचारलं.

"झकास," तो म्हणाला. थांबला. "हल्ली उसंतीला जातो मी."

उसंत म्हणजे एक पंथ; तोच त्या लोकांचा धर्म आणि तेच त्यांचं ध्यान. त्यांच्यात देव नाही, मूर्ती नाही. गेलेली माणसं कुठेही जात नाहीत, त्यांना फक्त श्वास पुरत नाही, असं ते मानतात. म्हणून स्वस्थ बसायचं, एक श्वास आपण घ्यायचा आणि पुढच्या श्वासाची जागा त्यांच्यासाठी मोकळी ठेवायची. याला ते वाटा सोडणं म्हणतात.

एका दुपारी मी त्याच्यासोबत गेले. टायरच्या दुकानावरची लांबट खोली, पांढऱ्या भिंती, समोरासमोर मांडलेल्या लाकडी खुर्च्या. एकीवर माणूस, तिच्यासमोरची रिकामी. शिकवणाऱ्या बाई बऱ्याच म्हाताऱ्या होत्या. कोपऱ्यात स्वेटर विणत होत्या.

"मी नुसती बघायला आलेय," मी म्हटलं.

"बघा की. दिसत मात्र काही नाही हं," त्या म्हणाल्या आणि त्यांनी सुया खाली ठेवल्या.

सगळ्यांनी एकदम श्वास घेतला, सोडला आणि मग खोलीतली एकही छाती हलेना. छाती हलते की नाही, हे बघण्यातच माझी नोकरीची सगळी वर्षं गेलीत. त्यात मी फसणार नाही. तरी श्वासाचा आवाज येत होता. मी माझा रोखून पाहिला. आवाज चालूच. संथ, ओढून घेतलेला, पुष्कळ जणांचा. खाली दुकानात हवा भरायचा पंप चालू असेल, अशी मी मनाची समजूत घातली. उतरताना पाहिलं तर दुकानाला कुलूप होतं.

दुसऱ्याच दिवशी मी दादाला हॉस्पिटलात बोलावून घेतलं.

"एक चाचणी करू. माझ्या समाधानासाठी."

तो स्टुलाकडे बघत उभा राहिला. "तिला इथंच बसवायचीस. अजून, अजून म्हणायचीस." थांबला. "तिच्याकडे नव्हता गं तेवढा."

"माझं कामच आहे ते, दादा."

"माहितीये. रागावलो नाही. सांगतोय आपलं."

तो बसला. पूर्ण श्वास घेऊन त्याने फुंकला. रेघ चढली, उतरली, सपाट झाली. त्याची छाती पार आत गेली होती. आता सोडायला काही उरलं नव्हतं. मी "पुरे" म्हणणार, तेवढ्यात रेघ पुन्हा चढली.

श्वास आत न घेताच.

ही रेघ लहान होती, थरथरती, मध्येच अडखळणारी. या रेघा हस्ताक्षरासारख्या असतात. ही मी अनेकदा पाहिली होती.

दादाने नळी काढली. त्याचे डोळे भरले होते. "ओळखलंस ना?"

नळी बदलून मी स्वतः फुंकून पाहिलं. मशीन ठीक होतं. डॉक्टर म्हणाले, कुठेतरी गळती असेल. मशीन दुरुस्तीला जाऊन तसंच परत आलं. गळती कुठेच नव्हती.

"हे सगळं बंद कर," मी दादाला सांगितलं. "अर्ध्या श्वासावर माणूस किती दिवस काढेल?"

"आणि बंद केलं, तर तिने काय करायचं?"



मग एका रविवारी सकाळी त्याचा फोन आला. स्वारी जुन्या रंगात होती. "अगं, मागे बघ म्हटलं, तर हा पठ्ठ्या आरशात स्वतःचा भांग बघतोय! गाडी गेली ना थेट भिंतीवर!" मी पोट धरून हसले. किती दिवसांनी असा बोलत होता तो!

"आज थांबत नाहीयेस मध्ये मध्ये," मी म्हटलं.

"आता वाटा सोडावा लागत नाही," तो सहज म्हणाला. "ती आपला आपण घेते."

आणि पुन्हा त्या भिंतीबद्दल सांगायला लागला.

तेव्हा मला ऐकू आलं. त्याच्या बोलण्याच्या खालून कुणीतरी श्वास आत ओढत होतं. बोलता बोलता माणसाला श्वास आत घेता येत नाही.

उथळ, घाईचा श्वास. फोनच्या अगदी जवळ.

फोन ठेवायला हवा होता. मी तो कानाशी आणखी घट्ट धरला.

"वहिनी," मी म्हटलं, "सावकाश. घाई करू नकोस."

दादा बोलायचा थांबला.

तो श्वासही थांबला, ऐकत असल्यासारखा. मग लांब झाला, खोल झाला, संथ झाला.

"दादा?"

मी त्याच्या श्वासाची वाट पाहिली. फोनमधून एकच श्वास येत होता.