फितीचं गवत

सांगते ते शब्द न् शब्द खरं आहे. खोटं असेल तर माझी कवळी आत्ता, तुमच्या देखत, या चहाच्या कपात पडो! हसू नका, ऐका.

दोघी बहिणी. थोरली सिनेमाला पावलं पुरवायची. म्हणजे असं, की पडद्यावर नटी चालते ना, तो आवाज तिच्या पायांचा नसतोच. नंतर एका बंद खोलीत दुसरंच कुणी पडद्याकडे बघत जागच्या जागी चालतं आणि तो भरतं. खोलीत फरशीचा एक तुकडा, लाकडाचा एक, खडीचा एक ट्रे. भिंतींना जाड गाद्या, आणि छत हात वर केला की लागेल इतकं खाली. थोरली तिथं आयुष्यभर चालली आणि पोचली कुठंच नाही. काचेपलीकडचा रेकॉर्डिंगवाला तिला टकटकताई म्हणायचा.

एका सिनेमात जंगल आलं. वाळलं गवत हवं असलं की ही मंडळी जुन्या कॅसेटमधली फीत उपसून ढीग करतात आणि त्यावर चालतात. हुबेहूब गवत. या वेळी फीत कमी पडली, म्हणून थोरलीनं घरच्या माळ्यावरचं कॅसेटचं खोकं नेलं आणि शेंगा सोलाव्या तशा सगळ्या सोलून काढल्या.

त्या आठवड्यात धाकटी आली. दिवस भरत आलेले, धापा टाकत खुर्चीत बसली.

"ताई, आईच्या आवाजाची कॅसेट दे ना. बाळ आलं की रोज ऐकवीन."

"कुठली गं?"

"ती, लेबल नसलेली. माळ्यावरच्या खोक्यातली."

थोरलीनं हातातली बशी खाली ठेवली. मग तिनं काय ते खरं सांगून टाकलं. धाकटी ओरडली नाही, हेच वाईट.

"आईवर चाललीस तू," एवढंच म्हणाली. "तुला तिचा आवाज आठवतो तरी. ती गेली तेव्हा मी पाळण्यात होते. माझ्याकडे काय आहे?"

"परत आणते."

"फितीचा चोळामोळा झालाय, ताई."

"आणते म्हटलं ना! एकदा म्हटलं की म्हटलं."

रेकॉर्डिंगवाल्यानं ढिगातले चारदोन तुकडे जोडून, वाजवून बघितले. नुसती खरखर. थोरली उठेना, तेव्हा तो जरा चाचरत म्हणाला, "त्या गवताच्या रेकॉर्डिंगमध्ये काहीतरी आलंय. ऐका बरं."

तिनं हेडफोन लावले. आधी तिची पावलं. खस्स, खस्स. आणि पावलांच्या वर, खूप वर, उंच झाडांच्या शेंड्यांतून वारा जात होता. त्या एवढ्याशा खोलीत. लांब कुठंतरी टकटकटक. थांबून पुन्हा टकटकटक.

"सुतारपक्षी," तो म्हणाला. "आत कसा शिरला, देव जाणे."

थोरलीनं हेडफोन कानांवर घट्ट दाबले. तो ठेका तिच्या ओळखीचा होता. आईचं शिवणाचं मशीन. एक शिवण सलग, मग कापड वळवायला थांबायचं.

"रेकॉर्डिंग चालू ठेव. मी आत जाते. काही झालं तरी दार उघडायचं नाही."

"ताई, जेवणाची सुट्टी आहे हो!"

"मग तू जेव. मशीनला उपाशी ठेवू नकोस."

तिनं आतला दिवा घालवला, ढिगावर उभी राहिली, डोळे मिटले आणि चालायला लागली. जागच्या जागी, नेहमीसारखी.

बऱ्याच वेळानं एक पाऊल पुढं पडलं. मग दुसरं.

भिंत यायला हवी होती. आली नाही. तिनं हात पुढं केला, हाताला काहीच लागलं नाही. जिथं आवाज अडत होता तिथं झाड आहे असं समजायचं आणि वळसा घालायचा. पानं सळसळत होती, ती बाबांच्या वर्तमानपत्राची. ओढा वाहत होता, तो न्हाणीघरातल्या बादलीत. घुबड घुमलं, तो मामाचा खोकला. कुणी तिला लहानपणच्या नावानं हाक मारली. मग आणखी कुणी, अगदी कानाशी. तिनं मान खाली घातली आणि पाय उचलले.

मशीन जवळ आलं. थांबलं.

"कोण गं?"

"मी, आई."

"पायातलं काढ आधी. घरभर चिखल करशील."

किती वर्षांत तिला असं कुणी रागावलं नव्हतं. तिनं बूट काढले.

"आई, धाकटीसाठी काहीतरी बोल. तिला तू आठवत नाहीस."

कात्री ठेवल्याचा आवाज.

"छकुले, इकडे ये बघू. तुझं माप घेते."

थोरली वळली.

वळताना गवत वाजलं नाही.

रेकॉर्डिंगवाल्याचा घास हातातच होता. "तुमची पावलं लांब लांब गेली, ताई. परत आलीच नाहीत. तुम्ही एकदम दारातच!"

दिवा लावून दोघांनी ढीग उपसला. बूट नव्हते.

त्यानं तेवढं बोलणं नव्या कॅसेटवर उतरवून दिलं. धाकटीनं पोटावर हात ठेवून ऐकलं. रडली, हसली, पुन्हा लावलं. थोरली आतून पाणी घेऊन आली तर धाकटी केवढी दचकली.

"केव्हा आलीस? पाऊल वाजलं नाही तुझं!"

ते पुन्हा कधीच वाजलं नाही. फरशीवर नाही, खडीवर नाही. रेकॉर्डिंगवाल्यानं माइक पार घोट्याला टेकवून बघितला. आता ती सिनेमांसाठी दारं लावते, भांडी आपटते. कुणी हळहळलं तर म्हणते, "जाऊ दे, बूट जुनेच होते."

आता जरा कवळी हातात धरते. कारण एक गोष्ट मी पदरची घातली.

आई 'छकुले' म्हणालीच नाही. तिनं एक नाव घेतलं. तसं नाव घरात कुणाचंच नव्हतं. धाकटीला वाटलं, आपलंच काही लाडाचं असेल. बाळाचं नाव तिनं दुसरं ठेवलं. ठेवलेल्या नावानं सगळे हाका मारून दमले, बाळ ढिम्म. मग एकदा कॅसेट लावली, आईनं ते नाव घेतलं, आणि बाळ वळलं.

त्या दिवसापासून कॅसेट कपाटात, कुलपात आहे.

बाळ आता उभं राहायला शिकलंय. त्या कपाटासमोर जाऊन उभं राहतं. दोन्ही हात आडवे पसरून, माप द्यायला पसरतात तसे.