ब्रोनीच्या कमरेभोवती हात

रोइमाताने रावीरीला पहिल्यांदा पाहिलं, तेव्हा तो वरून खाली येत होता — आणि त्याची शिडी त्याच्या आधीच पोचली होती.

क्लबच्या छपराला पन्हळ बसवताना त्याचा पाय सटकला. ती खालून रग्बीच्या सरावाला चालली होती. काही विचार न करता तिने हात पसरले... धप्प! ती घोट्यापर्यंत चिखलात रुतली, पण तो तिच्या हातातच राहिला.

"उतरवतेस ना?" तो धापा टाकत म्हणाला. "की घरी नेणार आहेस?"

"वजन जरा जास्त आहे," ती म्हणाली आणि तिने त्याला अलगद चिखलात सोडून दिलं.

त्यानंतर दर सरावाला क्लबच्या छपराला काहीतरी होऊ लागलं. कधी खिळा सैल, कधी पत्रा. संघाची प्रशिक्षक हुईया मावशी एकदा म्हणालीच, "एवढं दुरुस्त झालेलं छप्पर अख्ख्या न्यूझीलंडात दुसरं नसेल गं!"

रोइमाता दुधाचा टँकर चालवायची आणि प्रांताच्या संघात, स्क्रमच्या — दोन्ही संघ डोकी भिडवून एकमेकांना ढकलतात त्या घोळक्याच्या — पहिल्या रांगेत, डावीकडे खेळायची. खांदे असे रुंद, की शाळेतली मुलं तिला 'फ्रीज' म्हणायची. रावीरी तसलं काहीच म्हणायचा नाही. सराव संपला की फक्त चहाचा मग पुढे करायचा... आणि बोटाला बोट लागलं की दोघंही चिखलाकडे बघायची.

मग हिवाळ्यात ब्रोनी आली. ती नदीपलीकडच्या प्रांतातून आली होती.

त्या प्रांताला रोइमाताच्या संघाने कधी हरवलं नव्हतं. हुईया मावशी खेळायची तेव्हाही नाही. मधे मुलीच मिळेनात म्हणून संघ बंद पडला, पुन्हा उभा राहिला, तरी नाही. एकदा तर समोरच्यांचे साठाच्या वर गुण आणि यांचा भोपळा! तिथली ब्रोनी इथल्या शाळेत शिकवायला आली, आणि पहिल्या रांगेत नेमकी मधोमध उभी राहिली. म्हणजे स्क्रममध्ये तिचा हात रोइमाताच्या खांद्यावर, आणि रोइमाताचा हात तिच्या कमरेभोवती.

बाजूरेषेवरून चेंडू उंच फेकायचं कामही ब्रोनीचं. नेम मात्र कच्चा. म्हणून सराव झाला की रावीरी शिडीवर चढून लोखंडी कडं धरायचा, आणि ती त्यातून चेंडू फेकायची. चुकला की हसायची. तोही हसायचा.

एवढं हसण्यासारखं काय असतं त्या कड्यात? पलीकडे एकटीच ढकलायचा सराव करणारी रोइमाता आणखी जोरात ओरडायची.

"आज चहा नको?" रावीरीने विचारलं.

"तिला दे. नेम मारून मारून दमली असेल."

"कोण, ब्रोनी? छान खेळते ना?"

"हो ना. कंबरही छान आहे. रोज मीच धरते, मला माहीत आहे."

तो हसला. ती हसली नाही. पाठ फिरवून सरळ टँकरकडे गेली. मग चहा बंद झाला... बोलणंही.

नदीपलीकडच्यांशी सामना होता त्या दिवशी वारा असा सुटला होता, की मेंढ्यासुद्धा कुंपणाला टेकल्या होत्या. शेवटच्या मिनिटाला पाच गुणांनी मागे, आणि समोरच्यांच्या रेषेपाशी स्क्रम! रोइमाताच्या नाकातून रक्त येत होतं. तिने ब्रोनीच्या कमरेला हात घातला.

"धरून ठेव हं," ब्रोनी पुटपुटली. "त्या मला चिरडणार आहेत. मी त्यांना सोडून आले ना."

"धरलंय."

"असं नाही, नीट. तुला माझा राग आहे, मला कळतं."

"आत्ता? हे आत्ता बोलायचंय तुला?"

"मग कधी? एरवी तू बोलतेस का माझ्याशी?" ब्रोनीचा श्वास कानाशी गरम लागला. "मला तो आवडतो, रोई. पण शिडीवरून तो बघतो कुणाकडे, माहितेय? तू तिकडे ढकलायचा सराव करत असतेस ना... कडं सारखं हलतं! माझा नेम कसला कच्चा गं? मलाही तुझा राग येतो. खूप येतो."

पंचांचा आवाज आला. डोकी भिडली.

समोरचा सगळा जोर ब्रोनीवर आला. तिची मान वाकली, पाय सुटले. हात सैल सोडला असता तर...! रोइमाताने तिला स्वतःकडे घट्ट आवळलं, जवळजवळ उचललंच, आणि ओरडून पुढे पाऊल टाकलं. मग दुसरं. मागून साऱ्याजणी रेटल्या, आणि आठजणींचा तो ढीग रेषेपलीकडे कोसळला. चेंडू ब्रोनीच्या छातीखाली होता.

ट्राय! पाच गुण! त्यानंतरची जादा दोन गुणांची किक खांबाला लागून बाहेर गेली. बरोबरी.

नुसती बरोबरी, तरी हुईया मावशी मैदानात बसून ढसाढसा रडली.

रोइमाता नाकात कापूस कोंबून थेट कुंपणाशी गेली. रावीरी तिथे उभा होता.

"कडं का हलतं रे?"

"कुणी सांगितलं?" त्याचे कान लाल झाले.

"का हलतं?"

"तू... तू ओरडतेस ना ढकलताना. मग मला बघावंच लागतं. दोन महिने बोलली नाहीस, रोई. मला वाटलं, मी नकोसा झालो."

"वेडा आहेस," ती म्हणाली, आणि कुंपणावरून वाकून तिने त्याला ओढलं. त्याच्या पांढऱ्या शर्टावर तिच्या नाकाचा लाल ठसा उमटला. मागे मुली शिट्ट्या मारत होत्या. त्यात ब्रोनीची शिट्टी नव्हती.

संध्याकाळी क्लबात खिम्याचे पॅटिस वाटले जात होते. रोइमाता एक बशी घेऊन ब्रोनीशेजारी जाऊन बसली.

"मानेला... दुखतंय?"

"दुखतंय." ब्रोनीने बशीतला मोठा तुकडा उचलला. तिचे डोळे ओले होते, पण आवाज खणखणीत होता. "हे बघ, मंगळवारी सराव आहे. तेव्हा तू मला धरशील, मी तुला धरीन. तोवर तीन दिवस मला तुझा मनसोक्त हेवा करू दे."

"कर," रोइमाता म्हणाली, आणि तिथून उठली नाही.